सातबाऱ्यावरचं जंगल

पिशोर, 16 मे 2025, शुक्रवार

काल सर्वोच्च न्यायालयाने पुण्यातल्या कोंढवा बुद्रुकच्या जमिनीचा निकाल दिला. सरन्यायाधीश भूषण गवई यांनी 14 तारखेला शपथ घेतली आणि दुसऱ्याच दिवशी हा निकाल आला. सकाळी पेपर हाती पडला तो सगळा वाचूनच खाली ठेवला.

जमीन 11.89 हेक्टर. 1879 मध्ये ती राखीव वन म्हणून जाहीर झालेली. पण दप्तरी ती महसूल खात्याकडेच राहिली आणि 1998 मध्ये शेतीसाठी म्हणून एका कुटुंबाला दिली गेली. तिथून ती एका गृहनिर्माण संस्थेकडे पोचली. न्यायालयाने ते वाटप बेकायदा ठरवलं आणि जमीन वनखात्याच्या ताब्यात द्यायला सांगितली. शिवाय प्रत्येक राज्याने विशेष तपास पथक नेमायचं आहे. महसूल खात्याकडे राहिलेल्या राखीव वनांपैकी कोणती जमीन खाजगी माणसांना दिली गेली ते शोधायचं, ती परत घ्यायची, आणि परत घेणं लोकहिताचं नसेल तर किंमत वसूल करून तो पैसा जंगल वाढवायला लावायचा.

निकाल मला मनापासून पटला. भूमी अभिलेख खात्यात माझी उभी हयात जमिनी मोजण्यात गेली, त्यामुळे हे दुखणं कुठून सुरू होतं ते ठाऊक आहे. सरकार एक, खाती दोन, दप्तरं दोन. वनखात्याच्या नकाशात जिथे जंगल असतं तिथे तलाठ्याच्या दप्तरात कुणाचं तरी खातं चालू असतं. ही दोन्ही दप्तरं एका टेबलावर उघडून वेळीच ताडून पाहिली असती, तर कोंढव्याची जमीन कुणाला देताच आली नसती.

रात्री मात्र काळजी वाटू लागली. पथकं नेमली की याद्या निघतील आणि याद्या निघाल्या की सातबाऱ्यांवर शेरे पडतील. बिल्डरच्या दिमतीला वकील असतात. आमच्या डोंगरपायथ्याला दोन-चार एकरांत मका नि अद्रक लावणाऱ्याला मात्र सातबाऱ्यावर शेरा पडल्याचं बँकेत गेल्यावरच कळतं.

24 मे, शनिवार

वळवाच्या पावसाने आज जरा उसंत दिली. बाजारपट्टीत चहाला थांबलो तर तिघा-चौघांनी गाठलं. "नाना, विदर्भातलं झुडपी जंगल सगळं जंगलातच धरलं म्हणे कोर्टानं. आता आपल्याकडं बी येतंय का ते?"

त्यांना सांगितलं ते इथे नीट लिहून ठेवतो. परवा, 22 तारखेला, आलेला निकाल पूर्व विदर्भातल्या सहा जिल्ह्यांचा आहे. तिथल्या सुमारे 86,409 हेक्टर झुडपी जमिनी वनजमीन मानायच्या, असं न्यायालयाने म्हटलं. झुडपी जंगल हा तिकडच्या जुन्या मध्य प्रांताचा वारसा आहे, आपल्याकडे ती नोंदच नाही. त्यामुळे तो निकाल जशाचा तसा पिशोरला लागू होणार नाही.

पण त्याचं मूळ ज्या आदेशात आहे, तो सगळ्या देशाला लागू आहे. टी. एन. गोदावर्मन थिरुमलपाड यांच्या याचिकेवर 12 डिसेंबर 1996 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, शब्दकोशात ज्याला वन म्हणतात ते सगळं वन, मग मालक कोणीही असो. सरकारी कागदावर जी जमीन वन म्हणून नोंदली आहे तीही वनच. अशा जमिनीवर वनेतर काम करायचं तर 1980 च्या वनसंवर्धन कायद्याखाली केंद्राची मंजुरी हवी. 2023 मध्ये त्या कायद्यात दुरुस्ती होऊन ही व्याख्या आखडली, तेव्हा न्यायालयाने 19 फेब्रुवारी 2024 च्या अंतरिम आदेशाने 1996 चीच व्याख्या तूर्त चालू ठेवली.

"म्हणजे जमीन आपली, पण झाडं असली की जंगल?" एकाने विचारलं.

मालकी हा एक प्रश्न आणि जमिनीचा वापर हा दुसरा. 1996 च्या आदेशाने कुणाची मालकी गेली नाही, वापरावर बंधन आलं. मालकी जाते ती वेगळ्या कायद्याने, आणि तो कायदा महाराष्ट्राचा आहे. गावातले निम्मे वाद हे दोन प्रश्न एकत्र कालवल्यामुळे पेटतात. ज्याला नुसती परवानगी लागते तो जमीन गेली म्हणून घाबरतो, आणि ज्याची जमीन खरोखर गेलेली असते तो परवानगीच्या मागे तहसीलला खेटे घालतो.

9 जून, सोमवार

ज्याची भीती होती तेच आज झालं. डोंगराकडच्या वस्तीवरला एक शेतकरी सातबारा घेऊन आला. वय चाळिशीचं, सोबत म्हातारी आई. पीककर्जाला गेला होता. बँकेत साहेबांनी उताऱ्यावर बोट ठेवून दाखवलं. इतर हक्कात वन विभागाचा शेरा. कर्ज नाही.

"नाना, माझ्या बापानं ही जमीन रोख पैसे मोजून घेतली. शेतसारा भरला, विहीर खांदली. अन आता म्हंत्यात जंगल हाये. मला कुणी कागद दिला नाही, विचारलं नाही."

आई काही बोलत नव्हती. पिशवीतून तिने प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेला गठ्ठा काढून माझ्या पुढ्यात ठेवला. खरेदीखत, सारा भरल्याच्या पावत्या, जुना हस्तलिखित सातबारा, विहिरीच्या कर्जफेडीचा दाखला. एकही कागद फाटलेला नव्हता.

पहिल्यांदा फेरफार पाहिला, कारण सातबाऱ्यावर काहीही चढतं ते फेरफाराच्या वाटेने. शेरा ज्या नंबराने पडला तो फेरफार काढायला लावला. त्यात एका यादीचा हवाला होता आणि खाली "नोंद प्रमाणित" एवढंच. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 150 प्रमाणे हितसंबंधितांना नोटीस द्यायची असते, हरकत घ्यायला वेळ द्यायचा असतो. खातेदाराला नोटीस पोचल्याची सही-अंगठा कुठेच नव्हता.

त्यांना दोन गोष्टी स्वच्छ सांगितल्या. सातबारा हा मालकीचा पुरावा नव्हे. कलम 157 प्रमाणे उलट सिद्ध होईपर्यंत तो खरा धरायचा, इतकंच. त्यामुळे शेरा पडला म्हणून जमीन गेली असं नाही, तसंच जुन्या उताऱ्यावर नाव आहे म्हणून ती निर्धोक तुमची असंही नाही. मुळातला कागद काय बोलतो ते बघावं लागेल.

म्हातारी तेव्हा पहिल्यांदा बोलली. "बघा बाबा. जे आमचं नसंल ते सोडून देऊ. पण जे हाये ते हाये म्हणून तरी लिवा."

हेच तर सरकारने करायचं असतं.

30 जून, सोमवार

तालुक्याहून, कन्नडहून, जुन्या नकला मिळाल्या. दुपारभर त्या पसरून बसलो.

घोळ कसा झाला ते सांगायचं तर सर्वे नंबर आणि गट नंबर यांपासून सुरुवात करावी लागते. निजामाच्या काळात आमच्या मराठवाड्यात मुंबई इलाख्याच्या धर्तीवर मोजणी झाली. प्रत्येक शेताला सर्वे नंबर, प्रत्येक नंबराचं टिपण. टिपण म्हणजे त्या शेताचा मोजणीचा हातनकाशा: मधून एक आधाररेषा, तिच्यावर साखळीची मापं, दोन्ही अंगांना बांधाच्या कोपऱ्यांची काटकोनात घेतलेली अंतरं. साखळी 33 फुटांची, तिचे 16 आणे. एक साखळी लांब नि एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, आणि 40 गुंठ्यांचा एकर. टिपणावर "3 साखळी 7 आणे" लिहिलेलं असलं तर आजही त्या कोपऱ्यावर जाऊन उभं राहता येतं.

पुढे तुकडेबंदी आणि जमीन एकत्रीकरणाचा कायदा आला, शेतांची एकत्रीकरण योजना झाली आणि सर्वे नंबर जाऊन गट नंबर आले. एका गटात कधी दोन सर्वे नंबरांचे तुकडे आले, कधी एका नंबराचे चार गट झाले. वनखात्याच्या जुन्या अधिसूचनांत मात्र सर्वे नंबरच राहिले. कोणत्या सर्वे नंबराचा कोणता गट, हे दाखवणारा जुळवणीचा तक्ता हाच दोन दप्तरांमधला एकमेव पूल. तो नीट न पाहता यादी उतरवून घेतली की अख्ख्या गटावर शेरा पडतो.

या शेतकऱ्याचं अगदी तसंच झालेलं दिसतंय. वनाच्या यादीत एका सर्वे नंबराचा डोंगराकडचा पोटहिस्सा आहे. त्यांचा गट झाला तो त्या नंबराचा खालचा भाग आणि शेजारच्या नंबराचा एक तुकडा मिळून. पोटहिस्सा कुठवर येतो ते नकाशावर तपासायचं सोडून संपूर्ण 4 एकर 10 गुंठ्यांना जंगल लावलं गेलं.

टिपणावरून मी पेन्सिलने रेघ ओढून पाहिली. वनाची हद्द गटाच्या वरच्या कोपऱ्यातून जाते. म्हणजे सगळा गट जंगल नाही, पण सगळा गट त्यांचाही नाही. ही गोष्ट त्यांना प्रत्यक्ष मोजणी झाल्यावरच कळावी. माझ्या पेन्सिलीला कायद्याचा आधार नाही.

18 जुलै, शुक्रवार

कन्नडला वकीलसाहेबांकडे दीड तास बसलो. त्यांनी 1975 चा महाराष्ट्र खाजगी वने संपादन कायदा काढून ठेवला होता. मालकी जाते ती या कायद्याने.

30 ऑगस्ट 1975 या दिवशी राज्यातली खाजगी वनं आपोआप सरकारची झाली. खाजगी वन कशाला म्हणायचं याच्या व्याख्येत एक पोटकलम आहे: 1927 च्या भारतीय वन कायद्याच्या कलम 35(3) खाली जिच्याबद्दल नोटीस काढली गेली ती जमीन. त्याच कायद्यात लहान शेतकऱ्याचा विचारही आहे. त्या दिवशी कायदेशीर वहितीखाली असलेली, कमाल मर्यादेच्या आतली जमीन सरकारजमा होत नाही. जमीन वन आहे की नाही यावर वाद झाला तर कलम 6 खाली जिल्हाधिकाऱ्यांपुढे चौकशी आहे. 1978 मध्ये कलम 22अ घालून, एकूण 12 हेक्टरांपर्यंतच जमीन असलेल्यांना ती परत मिळण्याची सोयही केली.

मोठी लढाई झाली ती मुंबईत. विक्रोळीची गोदरेजची 133 एकर 38 गुंठे जमीन. तिच्याबद्दलची कलम 35(3) ची नोटीस 6 सप्टेंबर 1956 च्या राजपत्रात छापलेली. पुढे पन्नास वर्षं त्या नोटिशीवर कुणी काही केलं नाही. सरकारच्याच परवानग्यांनी तिथे इमारती उभ्या राहिल्या. मग बॉम्बे एन्व्हायर्न्मेंटल ॲक्शन ग्रुपच्या 2002 च्या जनहित याचिकेनंतर वनांच्या राहिलेल्या नोंदी घ्यायची मोहीम सुरू झाली, आणि 2006 मध्ये ही जमीन वन असल्याचं सांगण्यात आलं. मुलुंडसारख्या ठिकाणी तर आयुष्यभराची पुंजी घालून फ्लॅट घेतलेली हजारो कुटुंबं यात सापडली. उच्च न्यायालयाने 2008 मध्ये सरकारची बाजू उचलून धरली.

30 जानेवारी 2014 ला सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. न्यायमूर्ती लोढा, लोकूर आणि कुरियन जोसेफ यांचं खंडपीठ; निकाल लिहिला लोकूर यांनी. नोटीस नुसती काढून भागत नाही, ती मालकाला बजावली गेली पाहिजे, त्याला म्हणणं मांडायची संधी मिळाली पाहिजे. वर्षानुवर्षं धूळ खात पडलेली नोटीस 1975 मध्ये जिवंत धरता येणार नाही. सरकारने स्वतःच परवानग्या दिल्या असतील तर त्यावर विसंबून घरं घेणाऱ्यांना उघड्यावर टाकता येणार नाही.

मी विचारलं, याचा आमच्या माणसाला उपयोग काय? वकीलसाहेब म्हणाले, त्या 1956 च्या आसपासच्या नोटिसा जुन्या मुंबई इलाख्यातल्या. तेव्हा मराठवाड्यात 1355 फसलीचा, म्हणजे 1945 चा, हैदराबाद वन कायदा होता. 1927 चा भारतीय वन कायदा आपल्याकडे लागू झाला तो 1961 मध्ये. त्यामुळे इथे कुणी कलम 35 चं नाव घेतलं तर पहिला प्रश्न हा, की कुठल्या साली, कुठल्या कायद्याखाली? आणि दुसरा प्रश्न सगळीकडे तोच: पोचवल्याचा कागद कुठे आहे?

22 ऑगस्ट, शुक्रवार. पोळा

सकाळी बैल धुतले, दुपारी मिरवणूक. त्यानंतर डोंगराकडल्या ठाकरवाडीवर गेलो. तिथल्या दोन घरांचे वनहक्काचे दावे प्रलंबित आहेत आणि त्यांनी कागद बघायला बोलावलं होतं.

डोंगराच्या पायथ्याला ज्याची शेती आहे त्याच्याकडे खरेदीखत तरी असतं. डोंगरात जो पिढ्यान्‌पिढ्या राहिला त्याला कधी कोणी कागद दिलाच नाही. कंपनी सरकारला या डोंगरातल्या भिल्लांशी लढताना 1825 मध्ये खानदेशात भिल्ल एजन्सी काढाव्या लागल्या. त्यातल्या एकीचं ठाणं कन्नडला होतं, ओव्हान्स नावाच्या अधिकाऱ्याकडे. औट्रम घाटाचं नावही त्याच काळातल्या अधिकाऱ्याचं. लोक इथे होते म्हणून तर एजन्सी काढावी लागली. पण राखीव वनांच्या रेघा ओढल्या गेल्या तेव्हा त्यांची शेतं रेघेच्या आत आली.

2006 चा वनहक्क कायदा या अन्यायाची कबुली देऊनच सुरू होतो. 13 डिसेंबर 2005 पूर्वीपासून कसत असलेली जास्तीत जास्त 4 हेक्टर जमीन हक्काने मिळते. दावा ग्रामसभेत, मग उपविभागीय समिती, मग जिल्हा समिती. पुराव्यात गावातल्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाबही चालतो, आणि हा नियम मला सगळ्यात शहाणपणाचा वाटतो. अनुसूचित जमातीचे नसलेल्यांना मात्र तीन पिढ्यांचा, म्हणजे 75 वर्षांचा रहिवास दाखवावा लागतो. आमच्या भागातल्या बंजारा तांड्यांचं घोडं तिथेच अडतं, कारण महाराष्ट्रात ते अनुसूचित जमातीत नाहीत.

वाडीवरल्या एका आजींनी बांधावरलं मोहाचं झाड दाखवलं. "माझ्या सासऱ्यानं राखलं हे. झाड आमचं नाही म्हंता, मग राखलं कुणी?" त्यांचा जबाब उद्याच लिहून घ्यायचा, ग्रामसभेच्या वनहक्क समितीपुढे.

5 सप्टेंबर, शुक्रवार

2 तारखेला सरकारने हैदराबाद गॅझेटबद्दलचा निर्णय काढल्यापासून गावात निजामाच्या काळातल्या कागदांना भाव आला आहे. जो तो घरातले ट्रंक उपसतोय, जातीची नोंद शोधतोय. माझ्याकडे येणाऱ्यांना सांगतो, जातीसोबत जमिनीचा रकानाही बघा.

आमच्या शेतकऱ्याच्या गठ्ठ्यात आणखी एक कागद निघाला, उर्दूतला. उर्दू शाळेतून निवृत्त झालेल्या सरांकडे घेऊन गेलो. त्यांनी चष्मा पुसला, कागद उजेडाला धरला आणि सावकाश वाचला. फसली सन, मौजा, सर्वे नंबर, पट्टेदाराचं नाव. खालच्या क्षेत्रापुढे पट्टा, आणि डोंगराकडच्या पोटहिस्स्यापुढे "खारिज खाता". पट्टा म्हणजे ते क्षेत्र पट्टेदाराच्या खात्याचं. खारिज खाता म्हणजे कुणाच्याच खात्याला न लावलेली, सरकारकडे राहिलेली जमीन.

सरांनी दोन्ही ओळी मराठीत लिहून दिल्या, खाली सही केली. माझी पेन्सिलची रेघ आणि हा कागद एकच गोष्ट सांगतात. 1954-55 च्या खासरा पाहणी पत्रकातही हेच असेल, तर तिन्ही साक्षी जुळल्या. ते पत्रक काढायचा अर्ज दिला.

उर्दू वाचणारी पिढी संपत चालली आहे. मराठवाड्यातल्या जमिनीचे निम्मे पुरावे या लिपीत आहेत. दर तालुक्याला असे दोन जाणकार मानधनावर नेमले तरी कितीतरी दावे कोर्टाच्या पायरीपर्यंत जाणारच नाहीत.

17 सप्टेंबर, बुधवार

मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन. शाळेत झेंडावंदन झालं.

1948 ला निजामी गेली, 1949 मध्ये जहागिरी खालसा झाल्या, पुढे इनामं गेली. जहागीरदारांची रानं सरकारात आली, कसणाऱ्यांना पट्टे मिळाले. पुढे 1956 मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आणि 1960 मध्ये महाराष्ट्रात आला. दर बदलाला दप्तर एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत, एका लिपीतून दुसऱ्या लिपीत गेलं. माणूस तोच, बांध तोच, पण त्याला ओळखणारं खातं दर वेळी नवं.

पडीक आणि गायरान जमिनीसाठी दादासाहेब गायकवाडांनी मराठवाड्यातून भूमिहीनांचे सत्याग्रह उभे केले. गायरान कसणाऱ्या दलितांची अतिक्रमणं पुढे सरकारने नियमित केली, त्याची मुदत 14 एप्रिल 1990. जमिनीचा हक्क मागावा लागतो आणि मिळाला की कागदावर नीट चढवून घ्यावा लागतो, हा धडा त्या चळवळीने मराठवाड्याला दिला. त्यातला दुसरा भाग अजून पुरा झालेला नाही.

29 सप्टेंबर, सोमवार

गेल्या आठवड्यापासून मराठवाडाभर अतिवृष्टी. अंजना नदी दुथडी. आज पाऊस थांबल्यावर डोंगरकडेच्या शेतांवर फिरून आलो. अद्रकाच्या वाफ्यांत पाणी साचलंय, कंद सडायला लागलेत. उपटून पाहिला तर बोटाने दाबला की पिठासारखा फुटतो.

पण एक फरक डोळ्यांत भरला. ज्या उतारावर वर झाडोरा शाबूत आहे, धावडा, पळस, अंजन उभे आहेत, तिथून उतरलेलं पाणी गढूळ असलं तरी बांध शाबूत ठेवून गेलं. जिथे वरचा उतार नांगरून मोकळा केलाय, तिथे खालच्या शेतात मुरूम नि दगडगोटे आलेत. वरच्याने दोन गुंठे वाढवले, खालच्याचा वीस गुंठ्यांचा पोत गेला.

कलम 35 मुळात याचसाठी लिहिलं होतं. खाजगी जंगलाची तोड करणं, नांगरणं यावर सरकार बंधन घालू शकतं ते पूर, वादळ, दरडी रोखायला आणि माती राखायला. हेतू शंभर नंबरी होता. म्हणूनच नोटीस पोचली नाही याचं मला अधिक दुःख होतं. त्यात शेतकऱ्याचं नुकसान झालं आणि डोंगराचंही. नोटीस पोचली असती, म्हणणं ऐकलं असतं, हद्द ठरली असती, तर पन्नास वर्षांपूर्वीच तो वरचा पट्टा राखला गेला असता.

आमच्या मागचा हा डोंगर काही ओसाड माळ नाही. गौताळा औट्रमघाट अभयारण्य 1986 पासून आहे, सुमारे 260 चौरस किलोमीटर, कन्नड आणि चाळीसगावच्या अंगाला पसरलेलं. 2021 मध्ये विदर्भातल्या टिपेश्वरहून चालत आलेला वाघ तिथल्या कॅमेऱ्यात दिसला. इतक्या दूरवरून येताना त्याने राखीव वन आणि खाजगी शिवार असा भेद पाहिला नसणार. मराठवाड्यात जंगल उरलंय किती! जे आहे ते टिकलंच पाहिजे.

8 नोव्हेंबर, शनिवार

काल सर्वोच्च न्यायालयाने खाजगी वनांच्या प्रश्नावर पुन्हा एकदा कौल दिला. न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि प्रसन्न वराळे यांचं खंडपीठ. वराळे साहेबांनी औरंगाबादेत वकिली केलेली, त्यामुळे इकडच्या वकीलमंडळींत सकाळपासून फोनाफोनी चालू होती.

महाराष्ट्रातल्या जमीनमालकांच्या अपिलांचा मोठा गठ्ठा होता. 1960 च्या दशकातल्या कलम 35(3) च्या नोटिसांवरून त्यांच्या जमिनी सरकारजमा धरल्या होत्या आणि उच्च न्यायालयाने 2018 मध्ये ते मान्य केलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल रद्द केला. 2014 चा गोदरेजचा निकाल बंधनकारक आहे, राजपत्रात छापणं म्हणजे बजावणं नव्हे, मालकाला नोटीस पोचल्याचा पुरावा सरकारने दाखवला पाहिजे.

शेतकऱ्याला फोन करून सांगितलं. तो म्हणाला, "नाना, म्हंजी कोर्टानं बी हेच इचारलं, की कागद पोचला का?"

होय, हेच विचारलं. वन कायद्यात हे काही नव्याने आलेलं नाही. 1927 च्या कायद्याचं कलम 6 सांगतं, राखीव वन करायचं तर आसपासच्या गावांत स्थानिक भाषेत जाहीरनामा काढा आणि हक्क सांगायला किमान तीन महिने द्या. कलम 35 मध्ये तर नोटीस दिवाणी समन्साच्या रीतीने बजावायचं 1948 च्या मुंबई दुरुस्तीने सांगितलं. इंग्रजांच्या राज्यातल्या कायद्यालाही गावकऱ्याच्या दाराशी जावं लागेल हे मान्य होतं. आपलं राज्य आल्यावर तरी त्या दारापर्यंत जायला हवं होतं.

12 डिसेंबर, शुक्रवार

आज त्या गटाची संयुक्त मोजणी झाली. शेतकऱ्याने अर्ज केला होता, सोबत टिपण, उर्दू कागदाचं मराठी, खासरा पत्रकाची नक्कल आणि फेरफाराला हरकत. भूमी अभिलेखचे भूकरमापक रोव्हर यंत्र घेऊन आले, वनरक्षक आणि वनपाल आले, तलाठी आले, चतुःसीमेचे शेजारी आले. दोन्ही खाती एका बांधावर, एका नकाशाभोवती उभी राहिलेली मी फार दिवसांनी पाहिली.

सकाळी नऊपासून काम चाललं. आधी खाली ओढ्याकडची जुनी निशाणी धरली, तिथून टिपणाची मापं रोव्हरवर पडताळत वर गेले. वनखात्याचा ढासळलेला बुरूज झुडपात सापडला. वनरक्षकाने कोयत्याने घाणेरी तोडून त्याचे दगड मोकळे केले. बुरुजापासून हद्दीची ओळ धरली आणि ती गटाच्या वरच्या कोपऱ्यातून गेली. 26 गुंठे वनात, बाकी 3 एकर 24 गुंठे शेतकऱ्याचे.

सगळे त्याच्याकडे बघत होते. 26 गुंठ्यांत त्याची आंब्याची आठ झाडं आहेत. तो थोडा वेळ तिथेच उभा राहिला, मग आईकडे पाहिलं. म्हातारी म्हणाली, "आंबं जंगलाला दिलं समज." त्याने पंचनाम्यावर सही केली, वनपालांनी केली, शेजाऱ्यांनी केली. दुपारीच नव्या हद्दीवर खुणेचे दगड रोवले.

अजून शेरा कमी व्हायचा आहे. त्यासाठी फेरफार दुरुस्त व्हावा लागेल, प्रांत कचेरीत सुनावणी होईल, आणि कुणी निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागितली तर पुन्हा सगळं करावं लागेल. पण आता त्याच्या हातात दोन्ही खात्यांच्या सह्यांचा नकाशा आहे. उद्या कुठल्याही न्यायाधीशापुढे तो उभा राहू शकतो, आणि जंगलही उभं राहू शकतं.

आज गोदावर्मन आदेशाला 29 वर्षं झाली. त्या आदेशाने जंगलाला बळ दिलं, गोदरेजच्या आणि नोव्हेंबरमधल्या निकालाने मालकाला बळ दिलं. लोक या दोहोंना एकमेकांच्या विरोधात उभं करतात, मला ते कधीच पटलेलं नाही. कोंढव्यात वनाची जमीन महसूल खात्याच्या हातून गृहनिर्माण संस्थेकडे गेली, पिशोरात शेतकऱ्याच्या रानावर वनाचा शेरा बसला. दोन्हीकडे चूक एकच झाली: दोन दप्तरं ताडून पाहिली नाहीत आणि ज्याला सांगायला हवं त्याला सांगितलं नाही.

पुढच्या ग्रामसभेत ठराव मांडणार आहे. डोंगरालगतच्या प्रत्येक गटाचा जुना सर्वे नंबर, वनाच्या अधिसूचनेतलं क्षेत्र आणि आजचा सातबारा यांचा एकच तक्ता करून तो चावडीवर लावावा. वाडी-तांड्यावर तो मोठ्याने वाचून दाखवावा. हरकतीला तीन महिने द्यावेत, मग दोन्ही खात्यांनी मिळून मोजणी करावी, दगड रोवावेत, आणि त्यानंतरच सातबाऱ्यावर शेरा मारावा. हे काम कोर्टाशिवाय, गावात होण्यासारखं आहे. ठरावाचा मसुदा आज रात्री लिहून काढला, वनहक्काच्या दाव्यांचं कलम त्यात वेगळं घातलं. ज्या हद्दीवर दोन्ही बाजूंनी सह्या केल्या आहेत तीच हद्द लोक राखतात, आणि लोकांनी राखली तरच जंगल राहील.